कोर्टातच सांगायचं

आत्या गेली त्याला आता वर्ष होत आलं. नांदेडच्या या घरात तिच्या खोलीतला टीव्ही अजून तसाच आहे. संध्याकाळी मी तो लावते आणि आवाज बंद ठेवते. कुठल्या ना कुठल्या वाहिनीवर पोलीस असतात, नाहीतर कोर्ट. आवाज नसला तरी गोष्ट कळते, कारण त्या गोष्टी ठरलेल्या वाटेनंच जातात. ती वाट आत्या आणि मी लातूरला एकत्र बसून शिकलो. त्या वाटेवर विश्वास टाकला आणि त्यात आमचं जे गेलं ते गेलंच. हे मी सावकाश लिहिते आहे. घाई केली की अजून राग येतो, आणि रागात तपशील चुकतात.

लातूर जिल्हा नवा झाला तेव्हा वडिलांची उस्मानाबादहून तिथं बदली झाली. ते कचेरीत कारकून होते. कचेरी तेव्हा भाड्याच्या इमारतीत होती आणि दारावरच्या पाट्यांचा रंग ओला होता. वडिलांना या नव्या जिल्ह्याचं फार कौतुक. "आता बघ," ते मला म्हणायचे, "औशाच्या, निलंग्याच्या माणसाला एका तारखेसाठी उस्मानाबादची एसटी धरायला नको. कोर्ट इथंच." माझी आई मी लहान असताना गेली होती. वडिलांची थोरली बहीण, माझी आत्या, विधवा झाल्यावर मुखेडहून आमच्याकडे आली आणि तिनंच मला वाढवलं. घरात आम्ही तिघंच.

शेजारी आप्पा राहायचे. त्यांची धान्याची आडत होती. कपाळावर भस्म, डोक्यावर पांढरी टोपी, आणि घरात गल्लीतला एकुलता एक टीव्ही. आठवड्यातून एकदा कोर्टाची मालिका लागायची. आप्पा खुर्चीत, बाकी गल्ली सतरंजीवर. मालिका हिंदी, पण आत्याला ती जड गेली नाही. तिचे वडील निजामाच्या राज्यात उर्दू शाळेत शिकलेले. गवाह, सबूत, मुजरिम हे शब्द तिनं लहानपणी घरातच ऐकले होते. "खऱ्या कोर्टाची बोली हाय ही," ती म्हणायची. तिच्या दृष्टीनं मालिका खरी असल्याचा तोच पुरावा होता.

आप्पांना पुढचं आधीच सांगायची खोड होती.

"आता बघा, ही बाई मरती."

"का वो आप्पा? तिनं कुणाचं काय केलंय?" आत्या विचारायची.

"केलं न्हाई काय. इन्स्पेक्टरला म्हणाली ना, मला समदं माहीत हाय, उद्या येऊन सांगते? उद्या सांगते म्हणणारा माणूस टीव्हीत उद्या बघत न्हाई, आक्का."

आणि जाहिराती लागायच्या आत ती बाई मरायची. सगळी खोली खूश. आप्पा टोपी सारखी करायचे, जणू तो खून त्यांनीच सोडवला होता.

अशा कितीतरी गोष्टी आम्ही शिकलो. सगळ्यात गोड बोलणारा तोच खुनी. पोलीस पहिल्यांदा धरतात तो माणूस निर्दोष. आणि सगळ्यात मोठा नियम असा की खरी गोष्ट कुणी चौकीत सांगत नाही. ती शेवटच्या तारखेपर्यंत मनात ठेवायची आणि भर कोर्टात बोलायची. मग मागच्या बाकावरून कुणीतरी उठतं, "थांबा, मीही पाहिलंय" म्हणतं, आणि खुन्याला घाम फुटतो.

दुष्काळ पडला तेव्हा आमच्या गल्लीत टँकर यायला लागला. गल्लीच्या तोंडाशी आड होता, त्यात तो रिकामा करायचे आणि मग बायका शेंदून घ्यायच्या. तिथं थोडा उतार होता आणि टँकरचे ब्रेक धड नव्हते, म्हणून टँकर थांबला की कुणीतरी मागच्या चाकाला दगड लावायचं. वडील घरी असले की ते काम त्यांचं. ऑफिसचे कपडे न बदलता ते दगड घेऊन उभे राहायचे. त्या दिवशीही ते वाकून दगड लावत होते, आणि टँकर मागं आला.

मी कॉलेजात होते. घरी पोचले तेव्हा आडाभोवती घागरी तशाच पडलेल्या होत्या आणि पाणी वाहून चाललं होतं. ते पाणी कुणी भरून घेत नव्हतं. त्या उन्हाळ्यात लातूरमध्ये असं दुसऱ्यांदा दिसलं नसतं.

आत्या त्या वेळी आडाशीच होती. तिनं पाहिलं होतं की टँकरवर ड्रायव्हर नव्हताच. तो पलीकडे टपरीवर चहा पीत होता. स्टिअरिंगवर बसला होता टँकरच्या ठेकेदाराचा मेहुणा. त्याला गाडी चालवायची हौस होती, परवाना नव्हता. तो उडी मारून खाली उतरला आणि पळाला. नंतर ड्रायव्हर आला आणि टँकरच्या दाराशी उभा राहिला. पोलिसांना तोच सापडला. "मीच होतो," तो म्हणाला. त्याला तसं म्हणायला सांगितलेलं होतं, एवढं गल्लीतल्या शेंबड्या पोरालाही कळत होतं.

बाकीच्या बायकांचं लक्ष आडाकडे, घागरींच्या रांगेत होतं. आत्याशिवाय हे पाहिलं होतं फक्त आप्पांनी. ते स्वतःच्या ओट्यावर उभे होते.

दहाव्याच्या आधीच एक जमादार जबाब घ्यायला येणार असा निरोप आला. त्या दुपारी आप्पा आमच्याकडे आले. आत्या भिंतीला टेकून बसली होती. मी चहा टाकला, तो कुणी घेतला नाही.

"आक्का, जमादाराला काय सांगणार?"

"जे पाह्यलं ते."

"येड्या झालात काय? ठेकेदाराची ऊठबस चौकीतच असती. आज तुम्ही नाव घेतलं की आज रात्री त्याला कळतंय. मग तुम्हाला फोडतील, न्हाईतर…" ते माझ्याकडे बघून थांबले. "घरात पोरगी हाय."

"मग काय करू वो?"

"धूळ होती म्हणा. कोण होतं दिसलं न्हाई म्हणा. आन् कोर्टात जजसाहेबापुढं समदं सांगा. तिथं कुणाचा बाप काय करू शकत न्हाई. तुम्ही सांगून झालं की मी उठतो मागून. मीबी पाह्यलंय. दोघांची साक्ष एकदम पडली की संपलंच त्याचं."

आत्यानं भिंतीची टेक सोडली. मग म्हणाली, "उठाल ना?"

"अवो, तुमचा भाऊ माझ्या भावावानी होता."

जमादार आला तेव्हा आत्यानं सांगितलं, धूळ होती. त्यानं तसं लिहून घेतलं. आप्पांनी त्याला सांगितलं की आपण आत होतो, आवाज ऐकून बाहेर आलो. त्यांचं नाव साक्षीदारांत आलंच नाही. तेव्हा मला ते हुशारीचं वाटलं. शेवटी उठणारा माणूस आधी कुणाला माहीत नसायला हवा, हे मलाही टीव्हीनं शिकवलं होतं.

मग तारखा पडत गेल्या. मालिकेत दोन तारखांच्या मध्ये फक्त जाहिराती असतात. इथं दुष्काळ संपला, आडाला पाणी आलं, मी बारावी पास झाले. दर आठवड्याला आम्ही आप्पांकडे मालिका बघतच होतो, आता जरा वेगळ्या लक्षानं. साक्षीदार बोलायला लागला की आत्याचे ओठ हलायचे. घरी भांडी घासताना ती पुटपुटायची, "साहेब, हा न्हवताच. गाडीवर तो होता." हात वर करून दाखवायची, मग हाताला राख आहे हे लक्षात येऊन खाली घ्यायची.

साक्षीच्या दिवशी ती उपाशी निघाली, गीतेला हात लावायचा म्हणून. सरकारी वकील व्हरांड्यात भेटले. त्यांनी तिला तेव्हाच पहिल्यांदा पाहिलं. "तुम्ही मयताच्या भगिनी? बरं. विचारतील तेवढंच बोला," म्हणाले आणि दुसऱ्या कागदांकडे वळले.

आत लहानशी खोली होती. वीज गेली होती, पंखा बंद. न्यायाधीशांच्या टेबलावर हातोडा नव्हता. आप्पा आले होते. मागच्या बाकावर, टोपी मांडीवर ठेवून बसले होते. त्याच ओळीत, भिंतीकडच्या टोकाला, ठेकेदाराचा मेहुणा सुपारी चघळत बसला होता. आप्पांना पाहून मला धीर आला. मी आत्याला खुणेनं दाखवलं.

पुकारा झाला. आत्या पिंजऱ्यात गेली आणि इकडंतिकडं बघायला लागली.

"काय शोधताय, बाई?" न्यायाधीशांनी विचारलं.

"पुस्तक न्हाई का?"

"नाही. देवाची शपथ घेऊन म्हणा, खरं सांगेन."

तिनं शपथ घेतली, पण तिचा हात हवेत तसाच राहिला होता.

मग बोलणं सुरू झालं आणि कुणीच आम्हाला न सांगितलेली एक गोष्ट मला दिसली. साक्षीदार एक वाक्य बोलला की थांबायचं. न्यायाधीश ते वाक्य आपल्या भाषेत टायपिस्टला सांगणार, यंत्र खडखडणार, मग पुढचं. दोन वर्षं पाठ केलेलं तिचं बोलणं तुकड्यातुकड्यांनी बाहेर आलं. "साहेब, हा न्हवताच," आरोपी ड्रायव्हरकडे बघून ती म्हणाली. यंत्र वाजलं. "गाडीवर तो होता. तो, मागं बसलेला." तिनं हात वर करून दाखवलं. इथं टीव्हीत संगीत येतं. इथं टायपिस्ट म्हणाला, "साहेब, कार्बन बदलतो."

मेहुण्यानं शांतपणे मान वळवून मागं पाहिलं, जणू ती दुसऱ्याच कुणाला दाखवत होती. त्याच्या मागं नुसती भिंत होती.

सरकारी वकील कागद उलटत म्हणाले, "बाई, हे कुठंय? जबाबात हे नाहीच." त्यांच्या आवाजात आनंद नव्हता, आश्चर्यही नव्हतं. नुसता वैताग होता. मग आरोपीचे वकील उठले. त्यांना फार कष्ट पडले नाहीत.

"हे तुम्ही पोलिसांना सांगितलं होतं?"

"न्हाई."

"धूळ होती, दिसलं नाही, असं सांगितलं होतं?"

"हाव. पर…"

"मग आज कसं दिसलं?"

"दिसलं तवाच होतं. कोर्टात सांगायचं म्हणून ठिवलं होतं."

"कोर्टात सांगायचं, असं कुणी शिकवलं?"

आत्यानं एकदा मागच्या बाकाकडे पाहिलं. मग वकिलाकडे बघून म्हणाली, "टीव्हीत तसंच असतंय."

खोली हसली. शिपाईसुद्धा हसला. न्यायाधीशांच्याही ओठांवर हसू आलं, ते त्यांनी आवरलं आणि टायपिस्टला सांगितलं, "टीव्हीत तसे असते म्हणून मी पोलिसांना सांगितले नाही." यंत्र खडखडलं.

मी हसत नव्हते, कारण मला पुढचं माहीत होतं. मी वळून आप्पांकडे पाहत होते. ते खाली बघत टोपीची घडी बोटांनी दाबत होते. मग ते उठले. खरंच उठले. मी बाक घट्ट धरला. आप्पांनी टोपी डोक्यावर घातली, मेहुण्याच्या गुडघ्यांवरून वाट काढली, आणि बाहेर गेले. मेहुण्यानं त्यांना वाट द्यायला पाय आखडून घेतले, तेही अदबीनं.

निकाल लागला तो सरळ होता. डोळ्यांनी पाहणारी एकच साक्षीदार, आणि तीच म्हणते आरोपी गाडीवर नव्हता. ड्रायव्हर सुटला. मेहुणा कधी आरोपी नव्हताच. पुढं नांदेडला मी ग्रंथालयात नोकरीला लागले, तेव्हा तिथं पुस्तकं न्यायला येणाऱ्या एका वकिलांना मी हे विचारलं. ते म्हणाले, पहिल्या जबाबात नाव असतं तर गोष्ट वेगळी होती. जबाबात नसलेलं नंतर कोर्टात आलं की ते बनवलेलं धरतात. आणि आप्पा उठले असते तरी त्यांना खालीच बसवलं असतं, मागच्या बाकावरून साक्ष होत नाही. मी घरी येऊन हे आत्याला सांगितलं नाही.

निकालानंतर आप्पा आले नाहीत. त्यांचं धान्य ठेकेदाराच्या लॉरींतून जायचं, हे गल्लीत सगळ्यांना आधीपासून ठाऊक होतं. आम्हालाही ठाऊक होतं, पण ते कधी या गोष्टीला जोडून पाहिलं नव्हतं. त्यांनी आत्याला गप्प बसवलं ते भीतीनं, धंद्यासाठी, की खरंच मालिकेवर विश्वास होता म्हणून, हे मी अनेक वर्षं घोळवत बसले. आता वाटतं, तिन्ही असतील. ठरलेल्या गोष्टीचा हाच सोयीचा भाग असतो. माणसाला तिच्या मागं लपता येतं. त्या आठवड्यात भिंतीपलीकडून मालिकेचं संगीत आलं. कुणीतरी शेवटी उठलं असावं, कारण सतरंजीवरच्या पोरांनी टाळ्या वाजवल्या.

नांदेडला आल्यावर आत्या पुन्हा या मालिका बघायला लागली. मला नवल वाटायचं. पण ती पूर्वीसारखी बघत नसे. कुणी साक्षीदार धापा टाकत कोर्टाचं दार उघडून आला की ती टीव्हीलाच विचारायची, "जबाबात हाय का हे ह्याच्या?" आणि साक्षीदार सगळं सांगून जिंकला की म्हणायची, "न्हाई. खुनी सुटला."

शेवटच्या आजारात एकदा मी धीर करून विचारलं, "आत्या, त्या दिवशी आप्पांचं नाव का नाही घेतलंस? कुणी शिकवलं म्हणून विचारलं होतं तुला."

ती उशीवर जरा वर सरकली.

"घेतलं असतं तर त्यांचं उठणं वाया गेलं असतं ना. समद्यांना आधीच कळलं असतं." मग म्हणाली, "मी पिंजऱ्यात त्यांचीच वाट बघून राहिले होते. ते उठले, तवा मला वाटलं, आता."

आवाज बंद ठेवून मी टीव्ही बघते तेव्हा साक्षीदाराकडे माझं लक्ष नसतं. मी मागचे बाक बघते. तिथं पैसे देऊन बसवलेली माणसं असतात, गप्प बसायला सांगितलेली. ती कुणाकडेच बघत नाहीत.