केर काढणारी भाषा

अंधेरीच्या आमच्या कचेरीत एक गृहस्थ माझ्या हाताखाली होते. बोलता बोलता ते मध्येच थांबत, छताकडे पाहत आणि सोडलेल्या शब्दापासून पुढे सुरू करत. गृहस्थ मंद आहेत, असे माझे ठाम मत होते. माझी मते त्या काळी ठामच असत.

त्यांनी एक संगणकभाषा रचली होती. आम्ही जुने लोक प्रोग्रामला लागणारी जागा आधीच आखून देत असू. त्यांची भाषा चालता चालता जागा घेई आणि यंत्राची स्मृती भरली की सगळे काम थांबवून नको झालेली माहिती झाडून टाकी.

ती पाहायला एक मोठे गिऱ्हाईक आले. सौदा फिसकटला तर त्यांचा विभागच बंद होणार होता. प्रात्यक्षिक उत्तम चालले असताना पडदा एकाएकी गोठला.

"वाट लागली!" म्हणत मी यंत्र बंद करायला धावलो. त्यांनी माझे मनगट धरले.

"साहेब, केर काढतंय ते. मध्येच केरसुणी ओढू नका. चहा घ्या."

मी डाव्या हाताने चहा घेतला, कारण उजवा त्यांनी सोडला नव्हता. कप अर्धा झाला, पडदा हलला आणि मग मनगट सुटले. विभाग टिकला.

आता बोलता बोलता मीच थांबतो. "अहो, अडकलात का?" सौभाग्यवती विचारतात.

"केर काढतोय, थांब," मी छताकडे पाहत सांगतो.

शब्द नंतर सापडतोच, असे मात्र नाही.