लई म्हंजे किती?

किसनदादासमोर कुणी "लई पाऊस झाला" म्हटलं की तो चिडायचा. "लई म्हंजे किती?" म्हणून विचारायचा. आणि मग स्वतःच सांगायचा, "एकशे बारा मिलिमीटर." पाहुणे जेवायला बसलेले असोत नाहीतर मयताला माणसं जमलेली असोत, आकडा सांगितल्याशिवाय त्याला चैन पडत नसे.

ताम्हिणीच्या अंगाला एका सरकारी खात्याची पाऊस मोजायची चौकी होती. तिथं तो रोजंदारीवर होता. सकाळी साडेआठला बाटलीतलं पाणी काचेच्या मापात ओतायचं, पाण्याच्या रेषेला डोळा लावायचा, आकडा वहीत लिहायचा. उन्हाळ्यात बाटली ठणठणीत कोरडी. तरी तेवढी चढण चढून जायचा आणि शून्य लिहायचा. मी एकदा म्हटलं, शून्य तर घरी बसूनही लिहिता येतं. तर म्हणाला, "तुला येत आसंल गणपा. मला बघितल्याबिगर लिवता येत न्हाई." मी चौथी शिकलेला, तो तिसरी. मला तेव्हा राग आला होता. अजून येतो.

मीही त्याच खात्यात रोजंदारीवर. रस्त्याच्या मोऱ्या साफ करायचो, काम कधी असायचं, कधी नसायचं. किसनदादाचं काम मात्र बारमाही, आणि तीच खात्याची अडचण. वर्षात दोनशे चाळीस दिवस भरले की माणूस कायम करा म्हणून कोर्टात जातो. म्हणून साहेब त्याला मधूनमधून खंड द्यायचे, म्हणजे कागदावर कामावरून कमी करायचे. पण पाऊस काही खंड घेत नाही. मग त्या दिवसांतही मोजायचा तोच, हजेरीपटावर आणि वहीत नाव मात्र माझं. पगार मी उचलून त्याच्या हातात ठेवायचो. यात काही वावगं आहे असं आम्हा दोघांना कधी वाटलं नाही. साहेबानं पोट चालू ठेवलं, याचेच उपकार वाटायचे.

पुढं आम्ही आठ-नऊ जणांनी पुण्याला केस टाकली. तारखा करता करता त्यातले दोघं मेले. माझी साक्ष जवळ आली तेव्हा आमच्या वकिलानं मला आणि किसनदादाला समोर बसवून सांगितलं, हे खंडाचे दिवस दोघांपैकी एकाच्याच नावावर धरता येतील. काम किसननं केलं असं गणपत बोलला तर किसनचे दिवस भरतील, गणपतचे कमी पडतील. किसनदादानं ऐकून घेतलं आणि उठला. मला एका शब्दानं गळ घातली नाही. मीही वाट बघत राहिलो, की तोंडानं माग. एकदा मागितलं असतं तर मी दिलं असतं, असं मी अजून मनाला सांगतो.

आधी त्याला पिंजऱ्यात उभं केलं. खात्याच्या वकिलानं विचारलं, काम किती दिवस केलं? तो म्हणाला, "रोज."

"रोज म्हणजे किती?"

जन्मभर दुसऱ्याला आकडा विचारणारा माणूस तिथं पुन्हा "रोज" एवढंच म्हणाला. मग माझी पाळी आली. वही माझ्यापुढं धरली आणि विचारलं, या दिवसांत काम कुणी केलं? अक्षर त्याचं, नाव माझं. मी म्हणालो, "मीच."

बाहेर टपरीवर त्यानं नेहमीसारखे दोन चहा सांगितले. अर्धा कप संपल्यावर म्हणाला, "त्या दिशी पाऊस किती पडला, त्ये इचारलं का तुला?"

मी नाही म्हणालो.

"इचारलं आसतं तर घावला आसतास."

मी कायम झालो. दिवस अपुरे म्हणून त्याचा अर्ज फेटाळला. मग चौकीवर आपोआप मोजणारं यंत्र बसलं आणि त्याला घरी पाठवलं. अंगणात त्यानं तेलाचा रिकामा डबा मांडला होता, साडेआठला त्यात पट्टी धरायचा. माझ्याशी बोलणं त्यानं सोडलं नाही. सोडलं असतं तर बरं झालं असतं. वाटेत भेटला की त्या दिवसाचा आकडा सांगायचा आणि पुढं चालू लागायचा.

गेल्या श्रावणात तो गेला. सरणावर पत्रे धरून उभं राहावं लागलं. कुणीतरी म्हणालं, आज लई पाऊस हाय. कुणी काही विचारलं नाही.

कोर्टाच्या निकालात ते दिवस माझ्या नावावर लिहिलेले आहेत. त्यातल्या एकाही दिवशी किती पाऊस पडला, हे मला सांगता यायचं नाही.