उकर्ड्याच्या दोन वरमाया

"सही केली तं पोट्टा मरते," म्हातारी म्हणाली आणि तिनं माझ्या टेबलावरच्या स्टॅम्प पेपरवर आपला पंजा ठेवला.

ड्राफ्ट माझा होता, सही तिच्या मुलाची व्हायची होती. तो पेनाचं टोपण काढून आईच्या पंजाकडे बघत बसला होता. कळमेश्वरला एका कारखान्यात फिटर. अंगानं दणकट, बोलायला भिडस्त. नाव उकर्डा. तेच बदलायला माझ्याकडे आला होता.

ही सत्तरच्या दशकातली गोष्ट. मी नवी वकील होते आणि ते सगळ्या नागपूरला कळावं अशी माझी इच्छा होती. मे महिन्यात, जेव्हा माणसं कानाला दुपट्टा गुंडाळून सावली शोधतात, तेव्हा मी काळा कोट घालून सायकलवरून भर बाजारातून जात असे. कोर्टाला सुट्टी असली तरी. दारावर पाटीही लावली होती: 'अॅड. सौ. मृणालिनी.' अक्षरं एवढी मोठी की आडनावाला जागा उरली नाही, ते खाली बारीक अक्षरांत कोंबलं होतं.

ऑफिस माझं नव्हतं. माझे सिनियर बापूसाहेब यांचं होतं. मोठ्या केसेस ते बघत, नावबदलाच्या माझ्याकडे ढकलत. काम सोपं असतं. आधी अॅफिडेव्हिट, म्हणजे शपथेवर लिहून द्यायचं की माझं जुनं नाव हे, यापुढे नवीन ते. मग पेपरात जाहिरात आणि शेवटी गॅझेट. गॅझेट म्हणजे सरकारचं छापील दवंडीपत्र. त्यात नाव आलं की संपलं.

आडनावाच्या केसेस तर डोळे मिटून करता येतात. आपल्याकडे आडनावं पडली गावावरून, धंद्यावरून, नाहीतर कुणा खापरपणजोबाच्या खोडीवरून. खापरपणजोबा मेलेला असतो. तो हरकत घ्यायला येत नाही. माणसाच्या स्वतःच्या नावाचं तसं नसतं. ते ठेवणारं माणूस जिवंत असतं, आणि कधीकधी ऑफिसात येऊन बसतं.

उकर्ड्याचं लग्न ठरलं होतं. मुलगी इतवारीतल्या भांड्यांच्या दुकानदाराची. वडिलांना मुलगा पसंत, नोकरी पसंत, नाव नापसंत. "माझ्या पोरीनं चारचौघींत उखाणा काय घ्यावा?" असं त्यांनी सरळ विचारलं. "पत्रिका छापायला टाकायच्या आत नाव बदला. नाहीतर पत्रिकाच नको." उकर्ड्यानं अशोक हे नाव मनाशी ठरवलं होतं. आणि ती सुनंदा नावाची मुलगी त्याच्या मनात पक्की बसली होती, हे तिचं नाव उच्चारताना त्याचे कान लाल होत त्यावरून मला कळलं होतं.

"उकर्डा, तू सज्ञान आहेस," मी म्हणाले. "आईची परवानगी लागत नाही. कर सही."

"हात तं उचलू द्या तिले," तो म्हणाला.

पार्वताबाई, म्हणजे त्याची आई, हात उचलेनात. मग मी भाषण दिलं. मला तेव्हा भाषणाची हौस होती. अंधश्रद्धा, शिक्षण, विसावं शतक, सगळं झालं. शेवटी ठासून सांगितलं, "आजी, नाव सरकारदरबारी बदलतं. गॅझेटात आल्याशिवाय बदललेलं नाव म्हणजे नुसती हाक."

म्हातारीनं दारावरच्या पाटीकडे पाहिलं. "थे काय लिवलं हाय गा?" तिनं मुलाला विचारलं. त्यानं वाचून दाखवलं.

"लय मोठं नाव हाय. मायबापानं ठेवलं, वं?"

"नाही. माहेरी मी वेणू."

"मंग हे कोनं केलं?"

"लग्नात. नवऱ्यानं. ताटातल्या तांदळात अंगठीनं लिहिलं."

"मंग थे पेपरात आलं?"

पलीकडच्या टेबलावर बापूसाहेबांना एकाएकी खोकला आला. पेपरात वगैरे काही आलं नव्हतं. मॅट्रिकच्या सर्टिफिकेटवर मी वेणू होते, सनदेवर मृणालिनी, आणि दोघी एकच आहेत याला सरकारकडे पुरावा असा काही नव्हता. दुसऱ्यांची नावं गॅझेटात धाडणारी मी स्वतः तांदळावर चालले होते.

"आमचं राहू द्या," मी म्हणाले. "मुलगा मरेल असं का म्हणता?"

तेव्हा तिनं सांगितलं. आधीची दोन लेकरं गेली होती. एक पाळण्यातच, दुसरं चालायला लागल्यावर. तिसरा झाला तसा तिनं त्याला घरामागच्या उकिरड्यावर नेऊन लोळवलं आणि तिथंच टाकून दिलं. शेजारच्या अंजनाबाईनं त्याला उचललं, बदल्यात सूपभर कोंडा दिला आणि नाव ठेवलं उकर्डा. टाकाऊ पोर, विकलेलं पोर. काळ अशा पोराकडे बघत नाही.

ही रीत मला माहीत नव्हती असं नाही. आमच्याकडे दगडू, धोंडू, भिका, कोंड्या ही नावं त्यातूनच आली. नथ्थू म्हणजे तर मुलगी वाटावी म्हणून ज्याचं नाक टोचलं तो. आईबापांना ही नावं फार आवडत होती असं नाही, ती त्यांनी पोरावर चिलखतासारखी चढवली. पण हे शहाणपण मला पुढं आलं. त्या दिवशी मला फक्त एक शब्द ऐकू आला. विकलं! मी उलटतपासणीला उभी राहिले. खरंच उभी राहिले.

"तुम्ही मुलगा विकलात?"

"व्हय. सूपभर कोंड्याले."

"म्हणजे तो आता तुमचा नाही?"

"नाही. थेच तं सांगून राहिलो मी."

"मग त्याच्या नावाबद्दल तुमची हरकत चालणार नाही!"

"शाबास," बापूसाहेब म्हणाले. "मूल विकण्याचा करार ग्राह्य धरणाऱ्या तुम्ही या देशातल्या पहिल्याच वकील. आता बसा."

मी बसले. पण पार्वताबाईंना माझा मुद्दा पटला होता. "बराबर हाय बाईचं," त्या म्हणाल्या. "माया हक नाही. ज्यानं नाव ठेवलं थेच बदलवन. अंजनी जित्ती हाय. बेस्याले लेकीकडे रायते. तिले इचारा."

नागपूरलगतच्या बेस्यात आता इमारतींना इमारती लागल्या आहेत. तेव्हा शेतं होती. अर्ध्या वाटेवर सायकलरिक्षावाल्यानं आम्हाला उतरवून दिलं आणि पुढं आम्ही तिघं बांधाबांधानं चालत गेलो. मी कोट घालूनच. गावातली कुत्री एवढी माझ्यावरच का भुंकत होती ते मला तेव्हा कळलं नाही.

अंजनाबाई अंगणात बाजेवर कुरडया घालत होती. म्हातारी, सडसडीत, मिशीतल्या मिशीत हसावं तसं हसणारी. तिनं सगळं ऐकून घेतलं. हात थांबले नाहीत.

"देतो नाव," ती म्हणाली. "पोरगा माया हाय, मी काहून नाही देनार? पन मंग एक सांग पार्वते. लग्नात विहीन पाय कोनाचे धुईन?"

पार्वताबाईंचा चेहरा उतरला. लग्नात मुलीची आई वरमाईचे, म्हणजे नवरदेवाच्या आईचे पाय धुते. त्या एका घटकेसाठी बाया वीस-पंचवीस वर्षं पोर वाढवतात, असं म्हटलं तरी चालेल.

"म्या त्याले पोटात वागवला!" पार्वताबाई ओरडल्या.

"अन म्या इकत घेतला. घेतला का नाही? आता वकिलीनबाईसमोर सांग."

दोघींनी माझ्याकडे पाहिलं. मला तोडगा लगेच सुचला. मला तेव्हा सगळंच लगेच सुचत असे. "सोपं आहे. तुम्ही त्याला परत विकत घ्या. सूपभर कोंडा द्या. मुलगा तुमचा, मान तुमचा, नावही तुम्हीच ठेवा."

पार्वताबाई मान हलवत राहिल्या. "परत घेतला का तो माया झाला," त्या हळूच म्हणाल्या. "माया झाला का..."

मला त्या क्षणी कुठलं कलम आठवलं नाही. नवा तोडगाही सुचला नाही, हे विशेष. अंजनाबाईनं साच्यातून पुढची कुरडई पाडली.

"राहू दे आई," उकर्डा म्हणाला. "मले नाव नको. मी सांगतो त्याइले, लग्न मोडा म्हनाव."

"तू चूप रे! मोठ्या बायांत बोलू नोको." पार्वताबाईंनी पदरानं तोंड पुसलं आणि अंजनाबाईकडे वळल्या. "तूच बैस पाटावर. विहीन तुयेच पाय धुईन. फक्त त्याले जित्ता राहू दे."

अंजनाबाईनं पहिल्यांदा हात थांबवले. मग उकर्ड्याला विचारलं, "काय नाव पायजे गा तुले?"

"अशोक."

"अशोक तं अशोक. मले म्हनता येते. पन घरात उकर्डाच म्हनाचं. मरन दारात येते अन आवाज ऐकते. थे पेपर वाचत नाही."

इतका स्पष्ट निकाल मी पुढं हायकोर्टातही ऐकला नाही. ऑफिसात परतल्यावर पार्वताबाई भिंतीला टेकून बसल्या, हात मांडीवर. मुलानं सही केली. सहीआधी मी ड्राफ्टमध्ये एक वाक्य वाढवलं होतं: घरगुती नाव उकर्डा, ते चालू राहील. कायद्याला त्याची गरज नव्हती. बापूसाहेबांनी वाचलं आणि पुढं सरकवलं.

पत्रिकेवर 'चि. अशोक' छापलं गेलं. लग्नाला मी गेले, कोट घरी ठेवून. अंजनाबाई नवरीकडून आलेल्या नव्या लुगड्यात पाटावर बसली होती. पार्वताबाई मांडवाच्या खांबाआड उभ्या होत्या, जणू पाहुण्याच. विहीण परात घेऊन आली, वाकली, आणि अंजनाबाईनं पाय मागं ओढले.

"थांब वं. ही परात लहान हाय."

"लहान कशी?" मुलीचे वडील पुढं आले. भांड्यांच्या दुकानदाराला हे लागणारच.

"चार पाय मावाचे हाय त्याच्यात. दुकान तुमचंच हाय ना? मोठी आना."

ती उठली, खांबाआडून पार्वताबाईंना दंडाला धरून ओढत आणलं आणि आपल्या शेजारी पाटावर दाबून बसवलं. "मी नाव ठेवाची मालकीन," ती म्हणाली, "पाय धुवाले तू पायजे. मायेच एकटीचे धुतले तं मले रात्री झोप नाही लागनार." मांडवातून खरंच कुणीतरी इतवारीला पळालं. मोठी परात येईपर्यंत मुहूर्त पाटावर थांबला.

मग ताटात तांदूळ आले. मुलीचं नाव बदलायची वेळ. भटजींनी अंगठी नवरदेवाकडे दिली, तशी सुनंदा खालच्या मानेनंच पण स्पष्ट म्हणाली, "माझं राहू द्या. एका लग्नात एक गॅझेट पुरे." मी मागं उभी राहून टाळ्या वाजवल्या. तिच्या वडिलांनी माझ्याकडे असं पाहिलं की जणू मीच तिला शिकवलं. मी नव्हतं शिकवलं. मला ते माझ्या वेळी सुचलं असतं तर पाटीवर आडनावालाही जागा उरली असती.

अशोकराव परवा भेटले. रिटायर झालेत, ब्लडप्रेशर आहे, नातवाला शाळेतून आणायला चालले होते. पार्वताबाई आता नाहीत, अंजनाबाईही नाहीत. गल्लीच्या टोकावरून सुनंदानं हाक मारली, "उकर्डा, थैली विसरलात!"

नावबदलाचे क्लायंट अजून येतात, घरीच. नवीन नाव काय, हे मी शेवटी विचारते. आधी विचारते, जुनं ठेवलं कोणी? ते माणूस जिवंत असेल तर आधी त्याच्याकडे जाऊन या, मग स्टॅम्प पेपर आणा. आणि उन्हाळा असेल तर कोट घालून जाऊ नका. कुत्री भुंकतात.