दोनदा मोजलेले कप

टकटक मावशीला राग यायला कारण लागत नाही, असं कारखान्यात सगळे म्हणायचे. कारण असायचं, फक्त ते आमच्या आधी तिला दिसायचं.

चिनी मातीच्या कपांच्या त्या कारखान्यात ती एकवीस वर्षं तपासणीला होती. डाव्या हातात कप धरायचा आणि लाकडी काडीनं त्याच्या कानावर टकटक करायचं. आवाज खणखणीत आला तर कप चांगला, बद्द आला तर कानाशी तडा. तडा असला की बुडाला निळ्या खडूची रेघ. मग तेच सगळे कप माझ्या टेबलावर यायचे. मी ते उजेडात धरून चकाकीवरचे डाग शोधायची आणि डागाळलेल्याच्या बुडाला लाल ठिपका द्यायची.

मावशीची शाळा सातवीला सुटली, नवरा तिशीतच गेला, मुलीला एकटीनं वाढवलं. घरात तिच्याखेरीज कमावता एकच, तिचा धाकटा दीर. तो दोन नंबरच्या भट्टीत कप रचायचा. मोजून बोलणारा, खालमानेचा माणूस. प्रत्येक कप कुठल्या रांगेत ठेवला त्याचा आकडा तो कपाच्या बुडाला न जळणाऱ्या काळ्या रंगानं घालायचा. तसं करायला त्याला कुणी सांगितलं नव्हतं.

एका सोमवारी फळ्यावर कागद लागला : दोन नंबरची भट्टी बंद. अठरा जणांना घरी बसायचं होतं. मुकादमानं सगळ्यांच्या देखत दिराला सुनावलं, "निष्काळजीपणानं रचतोस, म्हणून ही वेळ आली." दिरानं डबा उचलला आणि तो निघाला.

मावशीनं तो कागद दोनदा वाचला. त्यात हिशेब होता : या भट्टीचे दोनशे कप तपासले. तड्याचे छत्तीस, डागांचे अठ्ठावीस, एकूण खराब चौसष्ट. म्हणजे डोळे मिटून एक कप उचलला तर तो खराब निघण्याची शक्यता शंभरात बत्तीस. पंचवीसच्या वर गेलं की भट्टी बंद, असा नियम होता.

"चौसष्ट?" ती माझ्याकडे वळली. "तुझ्या लाल ठिपक्यांच्या कपांवर माझ्या निळ्या रेघा नव्हत्या?"

"होत्या की. बऱ्याच."

"मग ते कप यांनी दोनदा मोजले!"

खरं सांगते, तोवर माझ्याही डोक्यात ते आलं नव्हतं. ती काडी हातात घेऊनच जिना चढली. मी मागोमाग.

वर दर्जा बघणारे साहेब बसायचे. तरुण, हुशार, प्रत्येक गोष्ट टक्क्यांत सांगणारे. आम्ही त्यांना टक्केसाहेब म्हणायचो. त्यांनी मावशीचं ऐकून घेतलं आणि हसले. तिथंच त्यांचं चुकलं.

"बरोबर आहे मावशी. दोन्ही दोष असलेले कप एकदा वजा करायला हवेत. पण ते किती, हे काढायला सूत्र आहे. शंभरात अठरा तड्याचे, शंभरात चौदा डागांचे. त्यांचा गुणाकार केला की दोनशेत जेमतेम पाच कप येतात. चौसष्टातून पाच गेले, राहिले एकोणसाठ. तरी भट्टी बंदच."

"पाच? आमच्या डोळ्यांसमोरून कितीतरी जास्त गेलेत."

"सूत्र आहे हो ते."

"हा गुणाकार कधी चालतो?"

"दोन्ही दोषांचा एकमेकांशी काही संबंध नसेल तेव्हा."

"आणि तो नाही, हे तुम्ही कुठं जाऊन बघितलंत?" तिचा आवाज खालपर्यंत गेला असणार, कारण मशीन थांबल्याचं मला ऐकू आलं. "अठरा घरांची चूल तुम्ही खुर्चीत बसून विझवता? खाली उतरा. ते कप आज दुपारी फोडायला जाणार आहेत. त्याआधी मोजू."

साहेब उतरले. उतरले नसते तर तिनं खुर्चीसकट आणलं असतं.

मागच्या अंगणात बाद कपांचा ढीग पडला होता. आम्ही एकेक कप उलटा करून जमिनीवर रांगा लावल्या. फक्त निळी रेघ असलेले वीस. फक्त लाल ठिपका असलेले बारा. रेघ आणि ठिपका दोन्ही असलेले सोळा.

"आता मोजा," मावशी म्हणाली.

साहेबांनी बोट लावून मोजले. अठ्ठेचाळीस. छत्तीस अधिक अठ्ठावीस, त्यातून सोळा वजा केले तरी तेच. दोनशेत अठ्ठेचाळीस म्हणजे शंभरात चोवीस. भट्टी बंद करायचं काही कारणच नव्हतं.

पण साहेब त्या सोळा कपांपाशीच अडकले. वाकून बुडावरचे काळे आकडे वाचू लागले. चार, चार, चार, दोन, चार. सोळांतले तेरा कप चौथ्या रांगेतले होते, अगदी मागच्या. त्या रांगेला लागून असलेला बर्नर उघडून बघितला तर त्याचं तोंड एका बाजूनं झिजलेलं. आच वेडीवाकडी यायची. त्या आचेनं कपाचा कानही तडकायचा आणि चकाकीही जळायची. रचणाऱ्याचा त्यात काडीचाही दोष नव्हता.

बर्नर बदलला. फळ्यावर नवा कागद लागला : तांत्रिक कारणानं आकडेवारीत दुरुस्ती. बुधवारी अठराच्या अठरा जण कामावर आले. मुकादम दिराकडे न बघता पुढे गेला.

मावशीनं काडी टेबलावर ठेवली आणि हाताची घडी घातली. कप साचू लागले. अर्ध्या तासात साहेब धावत आले.

"आता काय झालं मावशी? भट्टी सुरू झाली ना?"

"माझ्या दिराला सगळ्यांच्या देखत निष्काळजी म्हटलं. कागदावर 'तांत्रिक कारण' लिहिलंत. तांत्रिक कारण म्हणजे कोण? बेरीज तुमची, शब्द मुकादमाचे. दोघांनी तिथंच उभं राहून सांगायचं."

"झालं गेलं, सोडा ना आता."

"दोन रात्री तो माणूस जेवला नाही. तुम्ही जेवलात ना?"

जेवणाच्या सुट्टीच्या आधी भट्टीसमोर सगळे जमले. साहेबांनी मान्य केलं की चूक त्यांच्या मोजणीची होती, आणि रांगांचे आकडे घातले नसते तर बर्नर सापडलाच नसता. मुकादम जमिनीकडे बघत काहीतरी पुटपुटला.

"मोठ्यानं!" मावशी ओरडली. "परवा मागच्यांनाही ऐकू आलं होतं."

दीर कानापर्यंत लाल झाला. "वहिनी, पुरे आता."

"तुम्ही गप्प बसा भाऊजी. गप्प बसता म्हणूनच हे होतं."

मुकादमानं पुन्हा सांगितलं, मोठ्यानं. मग ती टेबलाशी आली. काडी इतकी जोरात बसत होती की पहिल्या दोन कपांचा आवाज तिला नीट कळेना. ते तिनं बाजूला ठेवले, पाणी प्यायली आणि पुन्हा हातात घेतले.