वायर ढिली झाल्ती

जुन्या जालन्यातला आमचा मेकॅनिक गाडीला आधी हात लावतच नाही. घरात कुणी आजारी असल्यासारखं हळूच विचारतो, "काय म्हणून राह्यली, सर?"

परवा व्याह्यांना सोडायला निघालो, तर माझी नवी बटणाची गाडी चालूच होईना. दहादा बटण दाबलं. "आमची जुनीच बरी," व्याही म्हणाले. शेवटी त्याला बोलावलं. त्यानं माझ्या पायांकडे पाहिलं, बॉनेट उघडलं आणि आत खुडबुड केली. मग खिडकीशी वाकून कुजबुजला, "पाय ब्रेकवर ठेवून बटण दाबा. त्याबिगर ती ऐकत न्हाई."

गाडी लगेच सुरू झाली.

"वायर ढिली झाल्ती!" व्याह्यांना ऐकू जाईल असं तो म्हणाला आणि स्वच्छ हात फडक्याला पुसत राहिला.