फीत उन्हात वाळवली

आमचा पाडा कर्जतजवळच्या कोंडाणे गावाच्या वर, डोंगरात. इंग्रजांचं राज्य व्हतं तवा. मुंबईचा एक सिनेमावाला साहेब आला, आपलाच मराठी माणूस. जिथं वाट नाय तिथं जायचं आन माणसं काम करताना सिनेमात धरायची, हाच त्याचा धंदा. त्याचे डबे डोक्यावर न्यायला मी आन माझा नवरा लागलो.

नवरा कड्यावरचं आग्या मोहोळ काढायचा, दोराला लटकून. आमच्यात दोर बायकोच्या भावानंच धरायचा. भैनीचं कुकू त्याच्या हातात, मग तो दोर सोडत नाय. साहेबाला तेच पायजे व्हतं. आठ दिस थांबला. मोहोळ निघालं त्या दिशी कड्यावर पालथा पडून सगळं धरलं. माश्या चावून तोंड सुजलं, तरी हलला नाय.

"हा डबा जपून ने, बाई," म्हणाला.

मी फुडं निघाले. ओढ्यात पाय सरकला, डबा पाण्यात. घरी येऊन वरची चिकटपट्टी सोडली, तर आत पाणी. लांबच लांब काळपट फीत, चिकट झालेली. आमच्याकडं भिजलं की उन्हात. सुकट घालतो तशी खडकावर पसरली, वर दगड ठेवले.

साहेब आला, बगितलं, आन खालीच बसला. मला वाटलं, आता मारतो.

"काय झालं, साहेब?" नवऱ्यानं विचारलं.

"कच्च्या फितीला ऊन लागलं की चित्र जातं. काय उरलं नाय."

उन्हानं कुणाचं काय जातं, हे कधी ऐकलंच नव्हतं.

"अक्कल वाटत व्हते तवा ही मोहाच्या झाडाखाली झोपली व्हती," नवरा म्हणाला. कुणी हसलं नाय. मग म्हणाला, "साहेब, मी परत उतरतो."

दोर धरणारा माझा भाऊ बोलला, "माश्या खवळल्यात रं. मी दोर धरणार नाय."

"तू नाय तर दुसरा कुणी धरंल," नवरा म्हणाला.

मी साहेबाच्या तोंडाकडं बगत राह्यले. तो नुसता हो म्हणाला असता, तरी नवरा गेला असता.

"नको," साहेब म्हणाला. "मोहोळच नाय तिथं. खोटं कशाला धरू?"

एकच कोरं रीळ उरलं व्हतं. ते लावलं आन केमेरा माझ्याकडं फिरवला. "कशी वाळवलीस, तशीच वाळव."

एकेक दगड काढला, फीत पलटली, दगड ठेवला.

कर्जतला निघताना त्या नव्या रिळाचा डबा त्यानं परत माझ्याच डोक्यावर दिला. ओढा मी बसत बसत उतरले.