देवाचं होण्याआधी

माझा चटकन कुणावर विश्वास बसत नाही. भाजीवाला "आजचीच आहे ताई" म्हणाला की मी आधी देठ मोडून बघते. घरातले याला खोड म्हणतात. पण याच खोडीवर मी काही वर्षं एक काम नीट केलं. ते काम लोकांना त्यांच्या आयुष्याबद्दल विचारण्याचं होतं, आणि लोक स्वतःबद्दल जितकं खोटं बोलतात तितकं भाजीबद्दल कुणी बोलत नाही.

आरोग्याच्या पाहणीचं काम होतं. गळ्यात ओळखपत्र, हातात टॅब, घरोघर फिरायचं. घरात संडास आहे का, पोरांना लशी दिल्या का, इथून सुरुवात करायची आणि सरकत सरकत त्या एका प्रश्नापाशी यायचं. पहिला शरीरसंबंध आला तेव्हा तुमचं वय काय होतं? शिकवणाऱ्या बाईंनी बजावलं होतं, हा प्रश्न रेशन कार्डाबद्दल विचारतो तशा आवाजात विचारायचा. हसायचं नाही, भुवई हलवायची नाही. मी घरी कुकर लावून त्याच्या आवाजाआड सराव करायची, कारण बाहेरच्या खोलीत दिवाणावर सासूबाई बसलेल्या असत आणि त्यांचे कान फार तिखट.

दुसरा नियम त्याहून कडक. विचारताना बाईजवळ कुणी नको. सासू नको, जाऊ नको, नवरा तर नकोच. दार लावून घ्यायचं. दार नसेल तर गोठ्यामागं, विहिरीकडं, जिथं बोलणं दोघींतच राहील तिथं जायचं. खेड्यात तरण्या बाईला एकटं गाठणं म्हणजे दिव्यच. मी सासवांना हजार कामं सांगून उठवायची. पाणी मागायची, मग चहा मागायची, मग त्यात आलं घाला म्हणायची.

शहरात, आमच्या गारखेड्यातल्या फ्लॅटमधल्या बायका आधी प्रेमानं बसवायच्या. प्रश्न आला की दिलेला चहा परत घ्यावा की काय, अशा नजरेनं बघायच्या. उत्तर ठरलेलं. लग्नानंतर, अर्थातच. त्या 'अर्थातच'वर एवढा जोर असायचा की माझ्या मनात लगेच पाल चुकचुकायची.

अजिंठ्याकडच्या गावांत कुणी चिडत नसे. तिथं लग्नाचं वय विचारलं की घरोघर एकच उत्तर, अठरा पूर्ण. कायदा आता सगळ्यांना पाठ आहे. मग मी थोरल्या लेकराची इयत्ता विचारायची. मनात उलटं मोजलं की त्या अठराला गळती लागायची. मला राग यायचा. त्या बाईचा नाही, तिला ते अठरा पढवून दारात उभ्या राहिलेल्या माणसांचा. एका वस्तीवर मेंढरांमागं जन्म काढलेली एक म्हातारी भेटली. वयामुळं ती माझ्या पाहणीत बसत नव्हती, तरी मधेच म्हणाली, "वय कुणी लिवून ठिवलं होतं बाई? लगीन कवा लागलं ते बी मला दुसऱ्यानंच सांगितलं. नांदाय गेले ते लई मागून." त्या दिवशी ऐकलेलं तेवढं एक उत्तर मी न तपासता खरं मानलं.

चितेगावला कंपन्यांच्या आसपास भाड्याच्या खोल्यांत बाहेरगावचे कामगार राहतात. त्यांच्याकडं आमच्यातला एक पुरुष सहकारी जायचा. संध्याकाळी टपरीवर तो सांगायचा, चौघं एकत्र बसले असले की एक म्हणतो केव्हाच, दुसरा म्हणतो त्याच्याही आधी. त्यातल्याच एकाला बाजूला घेतलं की तो हळूच म्हणतो, भाऊ, ते खोडता येतं का, अजून तसं काही नाही. पुरुष सगळे लग्नाआधीच शहाणे झालेले, बायका सगळ्या लग्नानंतर. मग हे लोक नेमके होते कुणाबरोबर, असं तो विचारायचा आणि आम्ही पोट धरून हसायचो.

हसून झाल्यावर मी विचार करायची. जागा बदलली की वय बदलतं हे खरंच आहे, पण त्याच्याआधी भीती बदलते. फ्लॅटमध्ये शेजारणीची, गावात कायद्याची, खोलीवर मित्रांची. ज्याची भीती जास्त, त्याच्या सोयीचं वय सांगायचं. टॅबमध्ये भीतीचा प्रश्न नव्हता.

म्हणून मी माझा एक प्रश्न बनवला होता, कुठंही न लिहिलेला. "लग्नानंतर तुमच्याकडं गोंधळ कधी घातला?" आमच्याकडच्या बऱ्याच घरांत लग्न लागलं तरी देवाचं होईस्तोवर नवरा-नवरीला एका खोलीत जाऊ देत नाहीत. खंडोबाचं जागरण, गोंधळ, सत्यनारायण, जे काय असेल ते आधी. गोंधळी मिळत नाहीत, भाऊ सुट्टीवर येत नाही, कुणाला सुतक लागतं, असं करता करता दिवस लांबतात आणि नवरी सासूशेजारी झोपते. हे विचारलं की बायका पदर तोंडाला लावून हसायच्या, आणि हसली की बाई खरं बोलते. लग्न आणि ती गोष्ट यांच्यात घराघरात किती अंतर पडतं आणि ते अंतर कोण कसं चुकवतं, हे मला या प्रश्नानं सांगितलं.

हा प्रश्न मला कुठून सुचला, ते सांगते.

माझं लग्न एकविसाव्या वर्षी झालं. सासर अजिंठ्याच्या रस्त्यावरचं, शेतीवाडीचं. लग्नाच्या हळदीचे हात अजून पिवळे होते तेवढ्यात चुलत सासरे गेले. गोंधळ पुढं ढकलला, सुतक फिटलं तर गोंधळी मिळेनात. घर माणसांनी भरलेलं, आणि सासूबाई माझ्या नि दाराच्या मधे अंथरूण टाकायच्या. नवऱ्याची नोकरी शहरात, खोली गारखेड्यात. तो रविवारी यायचा, ओसरीवर जेवायचा, आणि मी वाढताना त्यानं वर बघितलं तर सासूबाई खाकरायच्या.

त्यातच माझी दाढ दुखायला लागली. खरोखर दुखत होती, हे मी आजही शपथेवर सांगेन. सासूबाईंनी लवंग दिली, हळद दिली, शेवटी नाइलाजानं लेकाला म्हणाल्या, घेऊन जा दवाखान्यात, दाढ काढून सांजच्याला परत आण. आम्ही मोटरसायकलवर निघालो. रस्त्यात तो म्हणाला, खोलीवर पाणी पिऊन मग दवाखान्यात जाऊ. मी व्हय म्हणाले.

दवाखान्याची आठवण आम्हाला परत येताना, फुलंब्रीच्या पुढं आल्यावर झाली.

सासूबाई दारातच उभ्या होत्या. "काढली का?" त्यांनी विचारलं. नवरा म्हणाला, डॉक्टरच नव्हता. त्याच क्षणी मी म्हणाले, डॉक्टरनं गोळ्या दिल्यात. सासूबाईंनी एकदा त्याच्याकडं, एकदा माझ्याकडं बघितलं. मग मला उजेडात नेऊन म्हणाल्या, "आ कर." मी तोंड उघडलं. दाढ जागेवर होती. गंमत म्हणजे दुखायची थांबली होती.

"देवाआधी काय झालं नाय ना?" त्यांनी विचारलं. मी नाही म्हणाले. रेशन कार्डाबद्दल बोलतात तशा आवाजात. इतके दिवस न सापडलेले गोंधळी त्यांना दुसऱ्या दिवशी सापडले आणि त्याच आठवड्यात गोंधळ उरकला. पुढं वर्षभर घरात काहीही बिघडलं, म्हैस आटली, मोटार जळली, की त्या आधी माझ्याकडं बघायच्या. दोघांना वेगवेगळं विचारायचं आणि उत्तरं जुळवून बघायची, ही विद्या मला त्यांनीच शिकवली. पाहणीवाल्या बाईंनी नुसता टॅब दिला.

आता सासूबाई आमच्याकडंच असतात, त्याच गारखेड्यात, पण आमच्या स्वतःच्या फ्लॅटमध्ये. दिवाण त्यांचा, टीव्ही त्यांचा. स्वयंपाकघरात काही महत्त्वाचं चाललंय असं वाटलं की टीव्हीचा आवाज आपोआप बारीक होतो.

माझी मुलगी पंचविशीची आहे. चितेगावच्या एका कंपनीत प्रयोगशाळेत काम करते, सकाळी कंपनीच्या बसनं जाते. गेल्या उन्हाळ्यात तिचं लग्न ठरलं. मुलगा चांगला, घर शेतकरी पण नोकरीपेशाचं. सुपारी फुटली त्या दिवशी मुलाच्या आईनं मला गॅलरीत बाजूला घेऊन विचारलं, "पोरगी सरळ हाय ना?" मी म्हणाले, माझ्या डोळ्यासमोर वाढलीय. तोंडातून निघालं आणि मलाच ते गारखेड्यातल्या 'अर्थातच'सारखं ऐकू आलं.

कारण ती सगळा वेळ माझ्या डोळ्यासमोर नव्हती. एम.एस्सी.ला दोन वर्षं पुण्यात होती. तिथला कुणीतरी एक होता, असा मला संशय होता. तेव्हा तिचा फोन कायम पालथा असायचा. मैत्रिणीच्या वाढदिवसाला म्हणून एका सुट्टीत तिकडंच राहिली तो वाढदिवस, त्या मैत्रिणीच्या आईच्या बोलण्यातून, दुसऱ्याच महिन्यात निघाला. मी तेव्हा बोलले नाही. पण लग्न ठरल्यापासून मला झोप लागेना. तिकडच्यांना कळलं तर मोडेल, आणि मोडलं तर माझी पोर कुठं तोंड दाखवेल, एवढंच डोक्यात. ती गुणगुणली तरी संशय, गप्प बसली तरी संशय.

दिवाळीच्या आधीची संध्याकाळ. मी मेथी निवडत होते. ती कामावरून आली, बाटली फ्रिजमध्ये ठेवली आणि माझ्यासमोर खाली बसली. म्हणाली, "आई, मला तुला एक सांगायचंय."

आणि मी तिला सांगू दिलं नाही. मी विचारायला लागले. पुण्यातली दुसरी खोली कधी घेतली? जुनी का सोडली? तिथं कोण कोण होतं? तो वाढदिवस कुठल्या महिन्यातला? माझा आवाज सपाट होता, भुवई हलत नव्हती. मी इतकी वर्षं जे शिकले ते सगळं मी माझ्या लेकीवर चालवत होते, आणि मला आतून बरंही वाटत होतं की उत्तरं जुळत नाहीयेत.

तिनं दोन-तीन उत्तरं दिली. मग थांबली. मेथीची काडी हातात घेऊन मोडत राहिली.

"बाहेरच्या बायकांना विचारायचीस तेव्हा दार लावायचीस," ती म्हणाली. "त्यांच्या सासूला उठवायचीस. मला मात्र असं विचारतेस?"

मी बाहेर बघितलं. टीव्ही चालू होता, चित्रं हलत होती, आवाज नव्हता. सासूबाईंची पाठ आमच्याकडं होती आणि मान जराशी कलती. आमच्या स्वयंपाकघराला दारच नाही. एवढी वर्षं त्याची गरज मला पडली नव्हती.

मला लाज वाटली. मी उठले, तिला हाताला धरून आमच्या खोलीत नेलं आणि दार लोटलं. बाहेरून सासूबाईंचा आवाज आला.

"कडी घाल. नुसतं लोटलं तर सगळं ऐकू येतं."

मी कडी घातली. ती बऱ्याच वर्षांत वापरली नव्हती, जोर लावावा लागला.

पोर पलंगाच्या कडेवर बसली. पुण्याचं तिनं सांगितलं. काय सांगितलं ते मी इथं लिहिणार नाही, परक्या बायकांचंसुद्धा मी कधी बाहेर बोलले नाही. संपल्यावर मी पहिला प्रश्न तोच विचारला जो मला इतके महिने खात होता. त्याला, ज्याच्याशी लग्न ठरलंय त्याला, हे कळलं तर?

"त्याला मी सुपारीच्या आधीच सांगितलं," ती म्हणाली. "त्यानं त्याचंही सांगितलं. त्याची भीती नव्हती मला. तुझी होती."

तो नक्की काय म्हणाला, शब्द सांग, हे माझ्या ओठांवर आलं होतं. दोघांना वेगवेगळं विचारायचं, उत्तरं जुळवायची. मी ते गिळलं.

मग मी तिला दाढेची गोष्ट सांगितली. सगळी, फुलंब्रीच्या पुढं दवाखाना आठवल्यापर्यंत. ती आधी हसायला लागली, मग तिला रडूही आलं. मीही रडले. खोटं कशाला सांगू.

दाराबाहेर टीव्हीचा आवाज एकदम मोठा झाला, पार खालच्या मजल्यावर ऐकू जाईल एवढा.